पडली की पाडली

मी बावीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका शोधण्याचा पगार घेतला. घरीही शोधते, पण तिथे फुकट, असं आमचे हे म्हणतात. माझा हुद्दा मुद्रितशोधक. सासूबाईंना तो शब्द शेवटपर्यंत जमला नाही. त्या शेजारणींना सांगायच्या, "सूनबाई मुद्रा शोधतात." त्यामुळे भाईंदरच्या गोडदेवमधल्या आमच्या बिल्डिंगमध्ये मी चेहरा बघून भविष्य सांगते असा बरीच वर्षं समज होता. दुसऱ्या मजल्यावरच्या एक बाई तर मुलीला घेऊन आल्या होत्या, लग्न कधी जमेल विचारायला. मी तिच्या पत्रिकेतल्या ऱ्हस्व-दीर्घाच्या चार चुका काढून दिल्या. परत आल्या नाहीत.

या अंकाच्या संपादकांनी मला विषय दिलाय, 'वर्तमानपत्रं कुणाची बाजू घेतात आणि वाचकाने ते ओळखावं कसं'. भारदस्त विषय आहे आणि त्यावर भारदस्त लिहिणारे पुष्कळ आहेत. मी जन्मात एक बातमी लिहिलेली नाही. मी फक्त काना, मात्रा आणि वेलांटी बघितली. पण त्या बघता बघता एवढं नक्की कळलं, की बाजू घ्यायला खोटं लिहावं लागत नाही. व्याकरण पुरतं.

माझी पहिली सात वर्षं भाईंदरच्या एका साप्ताहिकात गेली. त्याचं नाव सांगत नाही. ते बंद पडलंय, पण मालक सकाळी फिरायला येतात आणि आमची समोरासमोर गाठ पडते. आम्ही गिरगावातली दहा बाय बाराची खोली सोडून नुकतेच इथे आलो होतो. हे रोज सकाळी मुंबईला नोकरीला जायचे आणि मला जवळपास काहीतरी काम हवं होतं. साप्ताहिकाचं ऑफिस घरापासून चालत सात मिनिटांवर. मालकांना सगळे शेठ म्हणायचे. शेठ रायगडकडचे, धंदा रेती-विटांचा. मी एकदा धीर करून विचारलं, "शेठ, रेती सोडून पेपर कशाला काढलात?"

"वहिनी, गाडी अडवली तर आपल्याला फोन करावा लागतो," शेठ म्हणाले. "पेपर असला की समोरून फोन येतो."

माणूस सरळ होता. वाकडं जे होतं ते सगळं पेपरात होतं.

काम कसं चालायचं ते सांगते, म्हणजे पुढचं कळेल. वार्ताहर हाताने बातमी लिहून आणायचा. आमचे कंपोझिटर सावंत, मूळचे रत्नागिरीचे, खणाखणांच्या लाकडी पेटीतून शिशाचं एकेक अक्षर, म्हणजे खिळा, उचलून ती बातमी जुळवायचे. अक्षर वेगळं, मात्रा वेगळी, काना वेगळा. जुळलेल्या मजकुरावर शाई फिरवून लांबलचक कागदावर कच्चा ठसा काढायचा, ते प्रूफ. त्यावर मी लाल शाईने चुका दाखवायच्या आणि खाली सही करायची, 'तपासले, सु.' सु म्हणजे मी, सुनंदा. सावंत चिमट्याने चुकीचे खिळे काढून बरोबर बसवायचे आणि मग छपाई. प्रूफांचे गठ्ठे बांधून माळ्यावर टाकायचे, कारण उद्या कुणी भांडायला आलं तर चूक कुणाची ते दाखवता यावं.

पहिल्याच आठवड्यात शेठनी मला बोलावलं. आमच्याकडे तेव्हा पाण्याची बोंब होती, त्यामुळे पाणी ही बातमी दर आठवड्याला ठरलेली. मी 'प्रभागात पाणी आले' ही ओळ तपासून पुढे सोडली होती.

"वहिनी, हे चुकलंय."

मी तीनदा वाचलं. "शेठ, शुद्ध आहे."

"शुद्ध असेल, बरोबर नाहीय. हा वॉर्ड आपल्या माणसाचा. आपल्या वॉर्डात पाणी येत नाही. आणलं जातं."

आमच्या ऑफिसात पक्षांची नावं कुणी घ्यायचं नाही. 'आपले' आणि 'समोरचे', बस. आपल्या वॉर्डात पाणी 'आणले'. समोरच्यांच्या वॉर्डात तेच पाणी, त्याच पाइपातून, नुसतं 'आले'. नळ कोरडे पडले की उलटा कारभार. आपल्याकडे 'पाणी आले नाही', म्हणजे पाण्याचीच मर्जी. समोरच्यांकडे 'पाणी दिले नाही', म्हणजे माणसाचा नालायकपणा. शाळेत आम्हाला मराठीला चांगल्या कडक बाई होत्या, पण एवढं व्याकरण त्यांनाही येत नव्हतं.

'म्हणाले' हे साधं क्रियापद तर आमच्याकडे उपाशी मेलं असतं. आपला माणूस 'ठणकावायचा', नाहीतर 'ग्वाही द्यायचा'. समोरचा 'दावा करायचा', 'कांगावा करायचा' आणि निवडणूक जवळ आली की 'बरळायचा'. दोघांचं वाक्य एकच असायचं, गटार साफ होईल. सभेचंही तसंच. आपल्या सभेला अलोट गर्दी, समोरच्यांच्या सभेला बघ्यांची गर्दी. सावंत जुळवता जुळवता म्हणायचे, "वहिनी, दोन्हीकडे मीच होतो. वडापाव दोन्हीकडे होता."

त्यातही सगळ्यात कामाचं हत्यार म्हणजे 'तो' आणि 'ते'. आपला माणूस 'ते', समोरचा 'तो'. वाचकाला वाटतं आपण बातमी वाचतोय, आणि तोवर कुणाला उठून उभं राहायचं आणि कुणाला बसायला पाटसुद्धा द्यायचा नाही हे ठरून गेलेलं असतं. स्टेशनजवळ पेपर विकणारा भय्या मराठी जेमतेम वाचायचा, पण हे त्याच्याही लक्षात आलं होतं. "भाभी, आपका पेपर तो शादी का कार्ड है," तो म्हणायचा. "लडकेवालों को श्री, लडकीवालों का खाली सरनेम."

याच 'तो-ते'ने आमची एकदा पुरती फजिती केली. नाना म्हणून समोरच्यांचे एक नगरसेवक होते. आडनाव सांगत नाही, अजून निवडून येतात. त्यांच्या एका कार्यक्रमाची चांगली चार कॉलम बातमी जुळवून तयार होती. त्यात अर्थातच 'तो बरळला', 'त्याने कांगावा केला' वगैरे. दुसऱ्या दिवशी छपाई. आणि दुपारी फोन आला की नाना आपल्यात आले.

शेठ आतून ओरडले, "वहिनी, नानाचं नानांचं करा. सगळीकडे."

पुढचे तीन तास मी नुसता मान देत होते. तोचं ते, म्हणालाचं म्हणाले, त्यानेचं त्यांनी, बरळलाचं ग्वाही दिली. एका माणसाला एवढा मान द्यायची आमच्या प्रेसची ऐपत नव्हती. सावंतांच्या खणातल्या मात्रा संपल्या. त्यांनी आधी एका श्रद्धांजलीतल्या मात्रा काढल्या. मयताचा मान गेला म्हणून मी ओरडले, तेव्हा शेजारच्या प्रेसमधून मूठभर मात्रा उसन्या आणल्या. अंक छापला. सकाळी गरम चहाबरोबर मी शेवटचा परिच्छेद वाचला. 'नाना यांनी नागरिकांना मुबलक पाण्याची ग्वाही दिली. त्यांनी सर्वांचे आभार मानले. नंतर तो भजी खाऊन पळाला.'

दहा वाजता नाना स्वतः ऑफिसात. हातात अंक.

"वहिनी, साडेतीन कॉलम मी 'ते' आहे. शेवटच्या ओळीत मी परत समोरच्यांकडे गेलो काय?"

"मुद्रणदोष," मी म्हटलं.

"आणि भजी?"

"भजी वार्ताहराने बघितली होती."

नाना पोट धरधरून हसले आणि घरी दाखवायला पाच अंक घेऊन गेले. माणूस दिलदार, हे मुद्दाम लिहितेय.

मुद्रणदोष हा आमचा रामबाण शब्द होता. मुद्दाम केलेलं काही अंगाशी आलं की तो मुद्रणदोष. शेवटच्या पानावर जाहिरातींच्या खाली, बोटभर जागेत शुद्धिपत्र यायचं. ते जुळवणारे सावंत आणि तपासणारी मी, इतकाच त्याचा वाचकवर्ग.

इथपर्यंतचं मी लग्नाकार्यात रंगवून सांगते. पुढचं सांगत नाही.

भाईंदरजवळच्या राई गावात हिराबाय म्हणून साठी उलटलेली एक आगरी बाई राहायची. नवरा नाही, मुलगी लग्न होऊन उत्तनला. घराच्या पुढच्या अंगाला पडवी होती. तिथे बसून ती वाडीतला मुळा, माठ, वालाच्या शेंगा विकायची. त्यावरच तिचं पोट. गावाच्या मागे नव्या बिल्डिंगी उठत होत्या आणि त्यांच्यासाठी रस्ता रुंद करायचं काम एका ठेकेदाराकडे होतं. एका सकाळी त्याची माणसं मशीन घेऊन आली आणि हिराबायची पुढची भिंत आणि पडवी भुईसपाट करून गेली. हा ठेकेदार नानांचा भाचा. रेती-विटा आमच्या शेठकडून घ्यायचा.

आमचे वार्ताहर मोरे समोर उभं राहून बघून आले आणि लिहिलं. मथळा, 'राईत वृद्धेच्या घराची भिंत पाडली'. शेवटचं वाक्य, 'नगरसेवक नाना यांचे भाचे असलेल्या ठेकेदाराने कोणतीही नोटीस न देता ही भिंत पाडली.' नानांचं आडनावही होतं. मी 'वृद्धे'तला वृ नीट उमटलाय का बघितलं आणि प्रूफ शेठकडे गेलं.

शेठ प्रूफ घेऊन बाहेर आले. "वहिनी, एक काना जास्त झालाय."

"कुठे?"

"मथळ्यात. पावसाचे दिवस आहेत, जुनी भिंत आहे. पडते. आणि शेवटचं वाक्य काढा, जागा कमी आहे."

"शेठ, मोऱ्यांनी डोळ्यांनी बघितलंय."

"मोऱ्यांनी बघितलं. छापायचं मला आहे."

मी अगदीच गप्प बसले नाही, एवढंच म्हणता येईल. मग लाल पेन उचललं. 'ध'चा 'मा' करणारीने निदान अख्खं अक्षर बदललं होतं, मी तर एक काना काढतेय, अशी मनाची समजूत घातली. मथळ्यातला काना खोडला, शेवटच्या वाक्यावर आडवी रेघ मारली, खाली लिहिलं, 'तपासले, सु.' सावंतांनी मथळ्याच्या मोठ्या खिळ्यांतून तो काना चिमट्याने उचलला. शिशाचा उभा दांडा, करंगळीच्या पेराएवढा. मला नोकरी हवी होती आणि मी घाबरट होते, यापलीकडे सांगण्यासारखं कारण नाही.

महिनाभराने हिराबाय ऑफिसात आली. राईहून बस, मग स्टेशनचा पूल, मग गोडदेवपर्यंत पायी. हातात आमचा अंक चौपट घडी घातलेला.

"पेपर तपासनारी बाय तूच का?"

"मीच."

"माजी भिंत परली न्हाय गो. पारली."

राईच्या बोलीत ड चा र होतो. पण काना जिथल्या तिथे होता.

मी तिला बसवलं, पाणी दिलं. तिने पालिकेतल्या ज्या साहेबांकडे भिंतीसाठी अर्ज केला होता, त्यांच्यासमोर भाच्याने आमचा अंक ठेवला होता. बघा, पेपरातसुद्धा आलंय, पडली म्हणून. आपोआप पडलेली जुनी भिंत असेल तर नवी बांधताना पाच फूट मागे सरकायचं, असं साहेबांनी सांगितलं. पाडली असेल तर होती तिथे बांधायला परवानगी.

"मागं सरकली त परवी जाते," हिराबाय म्हणाली. "परवी गेली त मी बसू कुठं? साहेब म्हनतो, पेपरवाल्यांकरशी लिहून आन."

मी शेठकडे गेले, शुद्धिपत्र देऊ का विचारलं. शेठ म्हणाले, "शुद्धिपत्र म्हणजे कबुली. विषय संपला." मी बाहेर आले आणि कुणाला न विचारता शुद्धिपत्र लिहिलं. 'गेल्या महिन्यातील अंकात पहिल्या पानावर राई येथील घराची भिंत पडली असे छापले गेले. तेथे पाडली असे वाचावे. मुद्रणदोषाबद्दल दिलगीर आहोत.' सावंतांनी ते इतक्या झटपट जुळवलं की मी बघतच राहिले.

अंक निघाल्यावर शेठचा चेहरा टोमॅटोसारखा झाला. "हे काय आहे?"

"मुद्रणदोष, शेठ."

काना मुद्दाम काढायला लावला होता असं त्यांना तोंडाने म्हणता येईना. मी आठवडाभर हवेत होते. ह्यांना सांगितलं, तर ते श्रीखंड घेऊन आले. म्हणाले, झाशीची राणी भाईंदरला राहते हे ऑफिसात सांगायला पाहिजे.

पुढच्या आठवड्यात हिराबाय परत दारात. मी हसत पुढे गेले. तिने अंक माझ्यापुढे धरला.

"वाच."

मी शुद्धिपत्र वाचून दाखवलं. ती मान हलवत ऐकत होती.

"पारली. बराबर," ती म्हणाली. "कोनी?"

मी परत वाचलं. मनातल्या मनात.

"साहेबानं पन त्योच विचारला. पारली, त कोनी पारली? मी नाव सांगितला त म्हनतो, आजे, तुजा तोंडी नको, कागुद दाव."

मी काना दिला होता आणि कर्ता पोटात ठेवला होता. शुद्धलेखनात मला शंभरपैकी शंभर, आणि भिंत आपल्या मर्जीने पडण्याऐवजी आता हवेने पाडली होती, एवढाच फरक. लाज वाटली. लाल पेन चालवताना वाटली नव्हती तेवढी तेव्हा वाटली.

म्हणून वाचकांनो, तुम्ही मला उपाय विचारत असाल तर तो माझा नाही, हिराबायचा आहे. शिवराळ विशेषणं शोधत बसू नका, ती आंधळ्यालाही दिसतात. क्रियापदापाशी थांबा आणि विचारा, कोणी? 'झाडे हटविण्यात आली.' कोणी? 'सभेत गोंधळ झाला.' कोणी केला? रस्ता मंजूर झाल्याच्या बातमीत नाव, आडनाव, फोटो, सोबत कोण कोण उभे होते ते सगळं असतं. तोच रस्ता खचला की तो एकटाच खचतो. ज्या पेपरात एका बाजूच्या चांगल्या कामांना नाव असतं आणि वाईट कामांना नुसतं क्रियापद, तो पेपर त्या बाजूचा. दुसऱ्या बाजूच्या पेपरात हाच हिशेब उलटा सापडेल. दोन्ही घ्या आणि ज्याचा कर्ता इथे हरवलाय तो तिथे शोधा.

त्या दिवशी हिराबायसमोर मला माळ्यावरचे गठ्ठे आठवत होते. त्यात मोऱ्यांच्या मूळ बातमीचं प्रूफ होतं. पण त्या प्रूफावर नुसतं भाच्याचं काम नव्हतं, माझंही होतं. माझी रेघ, माझी सही. हिराबाय पदराने घाम पुसत बाकावर बसली होती. ती रडली नाही की तिने हात जोडले नाहीत.

"कागुद हाय का न्हाय ता सांग," ती म्हणाली. "माजी बस चुकंल."

"आहे," मी म्हटलं.

सावंत स्वतः माळ्यावर चढले. तिसऱ्या गठ्ठ्यात प्रूफ सापडलं. दुसऱ्या दिवशी अर्धी रजा टाकून मी हिराबायबरोबर साहेबांकडे गेले. साहेब तरुण होते, चष्मा लावून त्यांनी सगळं वाचलं. मथळा वाचला, शेवटचं वाक्य वाचलं, नानांचं नाव वाचलं. मग लाल रेघेवर बोट ठेवलं.

"हे छापून आलं नाही. खोडलेलं आहे. कोणी खोडलं?"

'खोडण्यात आलं' हे अगदी जिभेवर होतं. सात वर्षांची सवय, आपसूक येत होतं. हिराबाय माझ्याकडे बघत होती.

"मी," मी म्हटलं. "मी खोडलं. शेठनी सांगितलं होतं, पण पेन माझं होतं."

साहेबांनी तसं लिहून घेतलं आणि पूर्ण नावाने सही करायला सांगितली. मोऱ्यांनाही बोलावलं, त्यांनीही सही केली. पावसाळा संपल्यावर हिराबायची भिंत होती तिथे उभी राहिली, पडवीसकट. मी एकदा मुद्दाम गेले होते. मुळ्याच्या दोन जुड्या घेतल्या. तिने एक जुडी वर दिली आणि दोनचे पैसे चोख मोजून घेतले. नाना पुढची निवडणूकही जिंकले. मला रस्त्यात दिसले की 'काय वहिनी, भजी खाणार का' म्हणून विचारतात.

माझी नोकरी मात्र भिंत उभी राहायच्या आधीच गेली. साहेबांकडे सही केली त्यानंतरच्या सोमवारी मी नेहमीसारखी ऑफिसात गेले. टेबलावर लाल पेन नव्हतं. शेठनी आत बोलावलं, खुर्ची दाखवली, चहा मागवला. मी बसल्यावर ते घसा खाकरून म्हणाले, "वहिनी, तुम्हाला कामावरून कमी करण्यात आलंय."

"कोणी?" मी विचारलं.

शेठ पंख्याकडे बघत राहिले.

"तसं ठरलंय," ते म्हणाले.